हाळी

त्याचं नाव सॉर्घम.
आमच्या केंटकीच्या डोंगरात ज्वारीच्या ताटांची काकवी काढतात,
अगदी तिच्याच रंगाचा.
कान लोंबते, आणि छाती अशी
की आत छोटंसं चर्च मावेल.
आवाज मात्र नाही.

बेवारस कुत्र्यांच्या कोंडवाड्यातली बाई म्हणाली,
आधीच्या मालकानं गळ्यात विजेचा पट्टा बांधला होता.
भुंकला की झटका.
हुशार जात. एकदा शिकला ते शिकला.

मी एकतीस वर्षं कोळशाच्या खाणीत होतो.
डॉक्टरनं माझ्या फुप्फुसांचा फोटो उजेडात धरला
तेव्हा उजेडच दिसेना.
आता नाकात नळी, कोपऱ्यात ऑक्सिजनचं यंत्र.
शेजारीण एकच, ओझेला फुगेट, तीही ओढ्यापलीकडे,
आणि माझी हाक पोर्चची पायरीसुद्धा उतरत नाही.
फोनला या दरीत रेंज नाही.
म्हणून ठरवलं,
हाक मारायला कुत्र्याला शिकवायचं.

पहिला आठवडा सॉसेजचा.
तुकडा बोटांत धरायचा आणि वाट बघायची.
त्यानं लाळ गाळली, शेपटीनं बादली पाडली.
भाचा डेन्झिल म्हणाला, मामा, थोडक्यापासून सुरू कर,
नाकातून हवा सोडली तरी बक्षीस दे.
दिलं.
आता दिवसभर फसफसतो,
सोड्याच्या बाटलीसारखा.

मग माउथ ऑर्गन काढला.
श्वास आत ओढून वाजतात ते सूर मला जमतात,
फुंकायचे नाहीत. म्हणजे गाणं अर्धंच.
त्यानं मान वाकडी केली
आणि उरलेलं अर्धं खुर्चीमागे शोधू लागला.

बुधवारी बाराला अग्निशमनवाल्यांचा भोंगा वाजतो.
दरीतलं प्रत्येक कुत्रं तेव्हा तोंड वर करतं.
हा टेबलाखाली.
मी खाली बसलो, गुडघे कुरकुरले.
त्याच्या गळ्यावर केस न उगवलेल्या दोन जागा आहेत,
नाण्याएवढ्या.
तिथं अंगठा ठेवून म्हटलं,
इथं आता काही नाहीये रे.

जानेवारीत पाऊस पडता पडताच गोठला.
तारा तुटल्या. रात्री दोनला वीज गेली.
वीज गेली की यंत्र शिट्टी देतं,
एकसुरी, लांब, मुळीच घाई नसलेली.
मी अंधारात सिलिंडरचा पाना चाचपत होतो
आणि खोलीत आणखी एक सूर आला.

आधी खालून, गंजलेलं दार ढकलावं तसा.
मग चढत गेला, शिट्टीला जाऊन टेकला,
तिथं मावेना,
तिलाही ओलांडून गेला.
कपाटातल्या बशा थरथरल्या.
तो स्वतःच दचकला.
झटक्याची वाट बघत थांबला.
झटका आला नाही.
मग पुन्हा.

ओझेला आली. नाइटगाउनवर कोट,
पायात मेलेल्या नवऱ्याचे बूट,
हातात टॉर्च आणि तोंडात शिव्या.
म्हणाली, कुत्रं रडलं की माणूस जातो म्हणायची आमची आई.
तू आहेस वाटतं अजून.
पाना तिलाच सापडला,
माझ्या मांडीखाली.

आता सॉर्घम थांबत नाही.
मायक्रोवेव्ह वाजला की हेल,
पोस्टाची गाडी मागे वळली की हेल,
मी शिंकलो की त्याचाही एक, छोटा.
सॉसेज परवडेनासं झालंय.
ओझेला दोनदा फुकटची ओढा ओलांडून आली.
तिसऱ्यांदा आलीच नाही,
आपल्याच पोर्चवरून ओरडली,
“व्हर्लिन! जिवंत आहेस का?”

मी हात वर करतो,
तो तिला झाडांमधून दिसत नाही.
सॉर्घम पायरीवर बसतो,
आभाळाकडे तोंड करतो
आणि सविस्तर सांगतो.